मराठा शस्त्रं आणि चिलखतं नव्यानं घडवताना: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

सुरुवात कुठून करायची?

आधी शस्त्र कशासाठी हवंय ते पक्कं करा. दिवाणखान्यात टांगायचं, मर्दानी खेळात फिरवायचं, की जुन्या कारागिरीचा अभ्यास म्हणून घडवायचं? तिन्हींची बांधणी वेगळी असते. टांगायची तलवार नुसती दिसायला बरोबर असली तरी चालते. फिरवायच्या तलवारीचं पोलाद, तिला दिलेलं पाणी (तापवून झटकन निववून आणलेला कडकपणा) आणि मुठीचा जोड यांत तडजोड चालत नाही. अभ्यासाच्या प्रतीत तर पात्याची जाडी दर वीतभर अंतरावर मुळाशी जुळायला हवी.

दुसरं काम मापं घेण्याचं. पुण्याचं राजा दिनकर केळकर संग्रहालय, मुंबईचं छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालय आणि औंधचं श्रीभवानी संग्रहालय इथे अस्सल शस्त्रं काचेमागे का होईना, डोळे भरून पाहता येतात. रीतसर लेखी अर्ज केल्यावर परवानगी मिळालीच तर व्हर्नियर, मऊ टेप आणि सुती हातमोजे घेऊन जा. लांबी-रुंदी फोटोवरूनही बरीचशी काढता येते, जाडी काढता येत नाही. आणि तलवार हातात कशी बसेल हे जाडीवरच ठरतं.

बाजारातल्या तलवारी इतक्या जड का असतात?

कारण त्या सपाट पट्टीतून कापलेल्या असतात. हिशोब सोपा आहे. ९०० मिमी लांब, ३८ मिमी रुंद आणि टोकापर्यंत सारखी ६ मिमी जाड पट्टी घेतली, तर तिचं वजन सुमारे १.६ किलो भरतं. कडा उतरवल्यावर ते दीडच्या खाली येतं, पण भरीव मूठ बसली की तलवार दोन किलोच्या पुढे जाते. अस्सल मराठा धोप (लांब, सरळ तलवार) बहुधा ९०० ग्रॅम ते १.३ किलोच्या आत असते.

जुनं पातं मुठीजवळ ५-६ मिमी जाड असतं आणि टोकाकडे उतरत उतरत २ मिमीवर येतं. रुंदीही हळूहळू कमी होते. म्हणून पातं जेमतेम अर्धा किलोचं राहतं. 'पूर्वीचे मावळे पाच-पाच किलोच्या तलवारी चालवत' हे वाक्य ऐकायला मर्दानी वाटतं, पण त्यानं त्या काळच्या कारागिराचं कसब झाकलं जातं. दिवसभर घोड्यावर बसून चालवायचं शस्त्र हलकं ठेवणं हीच खरी विद्या होती.

तपासायची सोपी रीत: तलवार एका बोटावर आडवी तोला. मुठीपासून चार बोटं ते वीतभर अंतरावर ती स्थिर राहिली तर ठीक. त्यापलीकडे गेली तर मनगट थकवेल.

धोप म्हणजे नेमकी कोणती तलवार? तिला फिरंग का म्हणतात?

धोप लांब आणि सरळ, किंवा अगदी किंचित बाकदार असते. मूठ खंड्याच्या घाटाची. बोटांवर रुंद परज, खाली वाटीसारखी चकती आणि तिच्यातून निघालेला दांडा, जो दुसऱ्या हातात धरता येतो. मुठीतून पात्याच्या दोन्ही अंगांना पट्ट्या उतरतात आणि रिव्हेटनं पात्याला जखडतात.

यातली बरीच पाती युरोपातून समुद्रमार्गे आलेली, म्हणून फिरंग. मूठ मात्र इथली. महाराष्ट्र शासनानं २०२५ मध्ये लंडनच्या लिलावातून परत आणलेली रघुजी भोसले यांची तलवार याच प्रकारची आहे. तिच्या पाठीवरच्या देवनागरी लेखातही 'फिरंग' हा शब्द आहे. प्रतिकृती करताना म्हणूनच धोपेला अर्धचंद्राकृती बाक देऊ नका. तो तलवारीच्या दुसऱ्या घराण्याचा.

कोणतं पोलाद घ्यावं?

फिरवायच्या शस्त्राला स्प्रिंगचं पोलादच हवं. ईएन ४५, ५१६० किंवा ६५सी यांपैकी जे चाचणीच्या दाखल्यासह मिळेल ते. ४० मिमी रुंद, ६ मिमी जाड नवी पट्टी उत्तम. स्टेनलेस ३०४ ला पाणीच चढत नाही, ते वाकतं आणि वाकलेलंच राहतं. कटलरीचं स्टेनलेस कडक होतं, पण तीन फूट लांबीत ठिसूळपणा दाखवतं. दोन्ही भिंतीवरच ठेवा.

ट्रकचा जुना कमानपाटा वापरता येतो, पण त्यानं लाखो हेलकावे खाल्लेले असतात. आतल्या बारीक चिरा डोळ्यांना दिसत नाहीत. पाटा घासून स्वच्छ करा, रॉकेल चोपडून अर्धा तास ठेवा, कोरड्या फडक्यानं नीट पुसा आणि वरून खडूची पूड भुरभुरा. चीर असेल तिथे रॉकेल वर येऊन खडूत काळसर रेघ उमटते. रेघ दिसली की तो पाटा बाजूला टाका. चांगला निघाला तर लालभडक तापवून राखेत पुरा आणि रात्रभर निवू द्या. त्याशिवाय त्यावर कानस चालणार नाही.

पाणी कसं द्यायचं?

घडाई आणि कानसकाम झालं की धारेची कड १.५ ते २ मिमी जाड ठेवूनच थांबा. पातळ कड भट्टीत आधी तापते, कार्बन गमावते आणि तेलात जाताच लाटांसारखी वळते. त्यानंतर पातं तीनदा लाल करून हवेत निववा. ठोकण्यातला ताण त्यानं निघून जातो.

पाणी द्यायचं तेलाचं. सहा इंची लोखंडी पाइप उभा करा, तळ वेल्डिंगनं बंद करा आणि त्यात मीटरभर उंचीपर्यंत तेल भरा. सुमारे १८ लिटर लागतं. शेंगदाणा किंवा मोहरीचं तेल चालतं. जळकं इंजिन ऑइल नको, धूर विषारी असतो. तेल ५० ते ६० अंशांपर्यंत कोमट करा. थंड तेल घट्ट असतं, त्यात पातं सारखं निवत नाही. तेलात पाण्याचा अंश राहिला तर ते उसळून बाहेर येतं, म्हणून पावसाळ्यात पाइप झाकून ठेवा. लोखंडी झाकण आणि कोरडी वाळू हाताशी हवीच.

तापमान किती? लोहचुंबक चिकटायचं थांबतं ते ७७० अंशांच्या आसपास. ५१६० ला त्याच्यावर आणखी ६० ते ७० अंश लागतात, ईएन ४५ ला शंभराहून जास्त. भर उन्हात लोखंडाचा रंग फसवतो. हे काम तिन्हीसांजेला किंवा शेडच्या अंधारात करावं. पातं टोकाकडून सरळ उभं तेलात सोडा. इकडेतिकडे हलवलंत तर एका अंगानं लवकर निवतं आणि त्याच अंगाला वळतं.

बाहेर काढल्यावर कानस फिरवून पाहा. काचेवरून घसरावी तशी घसरली तर पाणी चढलं. या अवस्थेत पातं हातातून फरशीवर पडलं तरी तुटू शकतं. त्याच तासात पाणी उतरवायला (पुन्हा बेतानं तापवून ठिसूळपणा घालवायला) घ्या. ग्रेडप्रमाणे ३०० ते ४२० अंशांवर, दोनदा, दर वेळी दोन तास. भट्टीला थर्मोकपल (तापमान मोजायचं साधन) असेल तर उत्तम. नसेल तर घासून चकचकीत केलेल्या पात्यावर चढणारे रंग पाहा: आधी गवती पिवळा, मग जांभळा, मग मोरपंखी निळा. निळा म्हणजे सुमारे ३०० अंश. खेळाच्या पात्याला निदान निळ्यापर्यंत न्यायलाच हवं. शेवटी रॉकवेल सी मापावर ४८ ते ५२ कठिणता मिळाली पाहिजे.

तेलातून काढल्यावर पातं वाकडं झालं, आता?

गरम असेल तोवर, साधारण पहिल्या दोन मिनिटांत, जाड हातमोजे घालून लाकडी खोबणीत सरळ करता येतं. निवल्यावर हात लावू नका. पाणी उतरवताना लोखंडी पट्टीला शिकंज्यांनी बांधून विरुद्ध बाजूला थोडा जास्त बाक द्या, दुसऱ्या फेरीत ते सरळ येतं. तडा गेला असेल, कडेला केसाएवढी रेघ का असेना, ते पातं मोडीत काढा. वेल्डिंग करून वाचवायचा प्रयत्न करू नका. ते पातं कधीतरी फिरवताना तुटेल आणि तुकडा समोरच्याच्या अंगावर जाईल.

मूठ पात्याला कशी बसवतात? स्क्रू, वेल्डिंग की आणखी काही?

जुन्या भारतीय तलवारींच्या पोकळ पोलादी मुठीत पात्याचं आखूड शेपूट लाखेच्या मसाल्यानं बसवलेलं असतं. हा मसाला आजही उत्तम चालतो. दोन भाग लाख, एक भाग वस्त्रगाळ विटकरीचा भुगा आणि विसाव्या हिश्श्याइतकं मधमाशीचं मेण. भुग्यामुळे मसाला आकसत नाही, मेणामुळे ठिसूळपणा कमी होतो.

मूठ उलटी धरून तापवा. पाण्याचा थेंब टाकला की चर्र आवाज करून उडाला पाहिजे. पूड थोडी थोडी आत टाका आणि विरघळू द्या. पात्यावर मुठीलगत ओलं फडकं गुंडाळा, नाहीतर दिलेलं पाणी उतरेल. मग शेपूट तेवढंच तापवून आत दाबा. थोडा मसाला कडेनं बाहेर आला म्हणजे आत पोकळी उरलेली नाही. आता लगेच धारेच्या रेषेत एक डोळा मिटून पाहा. परज आणि धार एका रेषेत हवी. दुरुस्तीला अर्धा मिनिट मिळतो.

मूठ हलायला लागण्याचं नेहमीचं कारण म्हणजे थंड शेपूट. लाख मुठीला चिकटते, पात्याला नाही. दुसरं कारण शेपटावर राहिलेलं तेल किंवा भट्टीची खपली. फायदा असा की मूठ पुन्हा तापवली की सगळं सुटतं आणि पुन्हा बसवता येतं. तोटाही तोच: मे महिन्यात बंद गाडीच्या काचेखाली तलवार ठेवली तर लाख नरम पडू शकते.

फिरवायच्या धोपेला फक्त लाखेवर सोडू नका. बाजूच्या पट्ट्यांतून ४ मिमीचे दोन रिव्हेट आरपार घ्या. त्यांची भोकं पाणी देण्याआधी पाडायची आणि कडा गोल करायच्या, कारण टोकदार भोकाच्या कडेपासूनच तडा सुरू होतो. शेपूट जिथे पात्याला मिळतं तो कोपराही काटकोनी ठेवू नका, ३ मिमी गोलाई द्या. तुटलेल्या तलवारी बहुतेक तिथेच तुटलेल्या दिसतात.

दांडपट्ट्यात वेगळं काय सांभाळावं लागतं?

२०२४ च्या शिवजयंतीला दांडपट्टा महाराष्ट्राचं राज्यशस्त्र म्हणून जाहीर झाला आणि तेव्हापासून मागणी वाढली आहे. दुर्दैवानं स्वस्त पट्टेही वाढले. पट्ट्याचं पातं हाताच्या सरळ रेषेत असतं आणि खोबळ्यात, म्हणजे हात झाकणाऱ्या पत्र्याच्या मुठीत, मनगट मोडत नाही. त्यामुळे वाराचा सगळा झटका खोबळा आणि पातं यांच्या जोडावर येतो. दोन्ही बाजूंना हातभर नसली तरी निदान वीतभर लांब पट्ट्या आणि चार रिव्हेट हवेतच. दोन रिव्हेटांचा पट्टा विकत घेऊ नका.

पातं तीन ते साडेतीन फूट, टोकाकडे २ मिमीच्याही खाली. टोक जमिनीला टेकवून हळूच दाबा. पातं धनुष्यासारखं सारखं वळलं आणि सोडताच सरळ झालं तर चांगलं. एकाच जागी कोन पडला तर तिथे पाणी कमी चढलंय.

खोबळा १८ गेजच्या पत्र्याचा, म्हणजे १.२ मिमीचा. आतली आडवी मूठ पकडणाऱ्याच्या पंजाप्रमाणे बसवा. ती पुढे गेली तर बोटांची पेरं पत्र्यावर आपटतात, मागे आली तर मागची कड कोपराच्या घडीत रुतते. आतून गादी लावण्याआधी रिव्हेटची डोकी घासून सपाट करा. प्रत्येक मिरवणुकीआधी पातं पकडून खोबळा हलवून पाहायचा. खट्ट असा जरासा जरी आवाज आला तरी त्या दिवशी तो पट्टा खाली ठेवायचा.

कड्यांचं चिलखत घरी करता येईल का? किती कड्या लागतील?

करता येतं, पण चिकाटी हवी. कमरेपर्यंतच्या, अर्ध्या बाह्यांच्या चिलखताला सुमारे १८ हजार कड्या लागतात. १६ गेजची, म्हणजे १.६ मिमीची साधी लोखंडी तार घेतली तर एक कडी ०.६ ग्रॅमची आणि चिलखत सुमारे ११ किलोचं. हात बसल्यावरही एका कडीला मिनिटभर जातो. म्हणजे तीनशे तास.

गॅल्व्हनाइज्ड तार घेऊ नका. तापवली की जस्ताचा पांढरा धूर येतो आणि त्यानं थंडी वाजून ताप भरतो.

साडेदहा मिमीच्या सळईवर तार गुंडाळून स्प्रिंग करा आणि कापा. कड्या लाल करून निववा. मग निमुळत्या भोकातून ठोकून प्रत्येकीची टोकं ५ मिमी एकमेकांवर चढवा, आतला व्यास आता ९ मिमीच्या आसपास येतो. पुन्हा लाल करा. ऐरणीवर जोडाची जागा चपटी करा, सुंभ्यानं भोक पाडा, कडी विणीत ओवा, भोकात १ मिमीचा रिव्हेट घाला आणि खोबण पाडलेल्या चिमट्यानं दाबून त्याचं डोकं गोल करा. वीण चारात एक: प्रत्येक कडीत शेजारच्या चार कड्या.

बिघडतं कुठे? दुसऱ्यांदा लाल करायचा कंटाळा केला की भोक पाडताना कडी चिरते. भोक टोकाच्या फार जवळ पडलं की रिव्हेट दाबताना कड फाटते. आणि घाईत एखादी कडी तीनच कड्यांत ओवली जाते. ती चूक वीस ओळींनंतर, चिलखत एका बाजूला ओढ खाऊ लागल्यावर कळते. म्हणून दर पाच ओळींनी वीण उजेडासमोर धरून पाहायची.

वेळ वाचवायचा असेल तर एक ओळ रिव्हेटच्या कड्यांची आणि एक ओळ पत्र्यातून ठोकून काढलेल्या अखंड कड्यांची, अशी वीण घ्या. जुन्या भारतीय चिलखतांतही अशी वीण दिसते, म्हणजे ही पळवाट नव्हे.

नुसती टोकाला टोक भिडवलेली कडी चालेल का?

नाटकाला, मिरवणुकीला चालेल. अठराव्या-एकोणिसाव्या शतकातली अशी भारतीय चिलखतंही आहेत. पण जोरात ओढ बसली की कडी उघडते आणि अंगावर घालता-काढताना रोज दहा-पंधरा कड्या गळतात. दोन्हींच्या आत कापूस भरलेला, शिवणी मारलेला जाड अंगरखा हवाच. वार कडी अडवते, मार कापूस झेलतो. कमरेला घट्ट पट्टा बांधला की निम्मं ओझं खांद्यांवरून उतरतं.

ढाल कशाची करावी?

पूर्वी गेंड्याच्या आणि म्हशीच्या कातड्याच्या ढाली होत. गेंडा, कासव, हस्तिदंत, वाघाची खरी नखं यांतलं काहीही आज वापरणं १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यानं गुन्हा आहे, तेव्हा म्हशीचं न कमावलेलं जाड कातडं. दोन दिवस पाण्यात भिजवा, लाकडी घुमटाकार साच्यावर ताणून कडेनं खिळे मारा आणि सावलीत तीन आठवडे वाळू द्या. उन्हात वाळवलं तर वरचा थर आधी आकसून फाटतो. व्यास ४५ ते ५५ सेंमी. समोरची चार फुलं नुसती शोभेची नसतात. त्यांचे खिळे मागे जाऊन मुठीच्या कड्या धरतात. मुठीखाली बोटांच्या पेरांसाठी गादी लावा. शेवटी लाखेचे पातळ हात द्या, नाहीतर पहिल्याच पावसाळ्यात ढाल पापडासारखी वळेल.

वाघनखांची प्रतिकृती करताना काय लक्षात ठेवायचं?

मुठीच्या मापाची पट्टी, दोन टोकांना तर्जनी आणि करंगळीच्या कड्या, आणि आतल्या अंगाला चार नखं, हा नेहमीचा घाट. बंद मुठीत नखं दिसू नयेत, हीच तिची कसोटी. बाजारातल्या बहुतेक वाघनखांची पट्टी पंजापेक्षा मोठी असते. लंडनच्या व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट संग्रहालयाची वाघनखं जुलै २०२४ मध्ये साताऱ्याच्या संग्रहालयात मांडली गेली. ती शिवाजी महाराजांनी वापरलेलीच याला त्या संग्रहालयानं दुजोरा दिलेला नाही, घाट पाहायला मात्र ती उत्तम आहेत.

परवाना लागतो का?

शस्त्र अधिनियम १९५९ आणि शस्त्र नियम २०१६ लागू होतात. ९ इंचांहून लांब किंवा २ इंचांहून रुंद पात्याची शस्त्रं त्यात येतात. घरगुती आणि शेतीची अवजारं वगळली आहेत. खेळण्याखेरीज दुसऱ्या कामाला न येणारी आणि ज्यांचं खऱ्या शस्त्रात रूपांतर होऊच शकत नाही अशी नकली शस्त्रंही त्यातून वगळली आहेत. इथेच गफलत होते. 'धार लावलेली नाही' एवढ्यानं सुटका होत नाही, कारण कडक पोलादाच्या बोथट पात्याला धार लावता येते. घडवणं आणि विकणं सुरू करण्याआधी जिल्हाधिकारी कार्यालयाच्या किंवा पोलीस आयुक्तालयाच्या परवाना शाखेत लेखी विचारणा करा. मिरवणुकीआधी महाराष्ट्र पोलीस अधिनियमाच्या कलम ३७ खाली मनाई आदेश आहे का तेही पाहा.

गंजापासून कसं जपायचं?

हातांच्या घामानं गंज धरतो. हाताळल्यावर पातं कोरडं पुसून मशीनच्या पातळ तेलाचा हात द्या. खोबरेल नको, ते चिकट होऊन धूळ धरतं. तलवार कायमची म्यानात ठेवू नका. चामडं आणि लाकूड ओल धरतात. म्यानाला शिवणीसारखं हलकं लाकूड घ्या, बाभळीतलं टॅनिन लोखंड काळं करतं. कोकणात पावसाळ्यात दर आठवड्याला पाहणी हवी.

पात्यावर जौहराची (पोलादाच्या अंगातूनच उमटणारी लाटांसारखी) नक्षी आहे, खरी कशी ओळखायची?

कोपऱ्यात, दिसणार नाही अशा जागी ४०० नंबरचा पॉलिश पेपर फिरवा. लेझरची नक्षी पुसली जाईल आणि परत येणार नाही. खऱ्या जौहराच्या पात्यावर त्या जागी फेरिक क्लोराइडचं पातळ द्रावण लावलं की नक्षी आतून पुन्हा वर येते. ही परीक्षा नव्या पात्यावरच करा.

माळ्यावर आजोबांची तलवार सापडली. घासून चकचकीत करू का?

नको. पॉलिश पेपर, लिंबू, चिंच, बफिंग काहीही नको. काळपट थराखाली कोफ्तगारीची (पोलादावर ठोकून बसवलेली) सोन्याची तार किंवा लेख असू शकतो आणि एका दुपारी तो निघून जातो. सुती फडक्यानं धूळ झटका, सुटा तांबडा गंज असेल तिथे तेल लावून ठेवा आणि संग्रहालयातल्या जतनतज्ज्ञाला दाखवा. शंभर वर्षांहून जुनी वस्तू पुरावशेषांच्या १९७२ च्या कायद्याखाली येते, परदेशी पाठवता येत नाही.

नवीन तलवारीला जुनं रूप देता येईल का?

येतं. पातं साबणानं धुऊन तेलाचा अंश काढा, व्हिनेगरमध्ये भिजवलेला कागद अर्धा तास गुंडाळा, मग खाण्याच्या सोड्याच्या पाण्यानं धुवा, बारीक स्टील वूलनं घासा आणि तेल लावा. तीन-चार फेऱ्यांत करडी छटा बसते. ॲसिडच्या बाटलीला हात लावू नका, त्यानं पडलेले खड्डे लगेच ओळखू येतात.

मात्र अशा प्रत्येक शस्त्रावर घडवल्याचं साल आणि स्वतःचं चिन्ह ठोकाच. अशा वस्तू दोन हात फिरल्या की 'सरदार घराण्यातली' म्हणून विकल्या जातात आणि अभ्यासक वर्षानुवर्षं फसतात. २ मिमी उंचीचे अक्षरांचे ठसे पुरतात. साल दोनदा ठोका: एकदा शेपटावर, पाणी देण्याआधी, आणि एकदा मुठीच्या चकतीच्या खालच्या अंगाला, जिथे मूठ न काढताही वाचता येईल.